फौजदारांची दोन मिनिटं

फौजदार रंगमंचावर बोलायचे थांबले, की शेवटच्या रांगेतली शेंगदाण्याची पुडीही वाजायची थांबे. कित्येक चित्रपटांत फौजदार, हवालदार, नाहीतर नायिकेचा बाप झालेला हा माणूस कसबा बावड्यात राहायचा. त्यांचं खरं नाव पडद्यावर कायम ‘इतर कलाकार’ या गर्दीत हरवलेलं. चौकातला खरा हवालदार मात्र त्यांना सलाम ठोकायचा.

मी शाळेत मास्तर आणि हौसेनं त्यांच्या नाटकाचा प्रॉम्प्टर. पहिल्याच प्रयोगात, बापाच्या भूमिकेत, मुलगी गेल्याची तार वाचून ते गप्प झाले. मला वाटलं, विसरले. विंगेतून मी वाक्य पुरवलं. ते हलेनात, तेव्हा पहिल्या तीन रांगांना ऐकू जाईल असं पुन्हा पुरवलं. अंक संपल्यावर म्हणाले, “मास्तर, वाक्य इसरलो नव्हतो. बाप गप बसलता. तुमीच बोलाय लागलासा की!”

बुटात पायाचा अंगठा दाबून ते शांतता मोजायचे. “बोलाय कुणालाबी येतंय. गप बसायचं म्हंजे मोजाय लागतंय.”

गेल्या वर्षी नूतनीकरण केलेल्या नाट्यगृहाच्या उद्घाटनात तोच प्रवेश ठेवला होता. दहा मिनिटांचा. ऐंशीचे फौजदार दुपारी तीनलाच तोंड रंगवून बसले, कारण इचलकरंजीहून नात आली होती. आजोबांना रंगमंचावर तिनं कधीच पाहिलं नव्हतं. मग दीप, शाली, नारळ. रंगभूमीवरच्या प्रेमाबद्दल नऊ जण बोलले. त्यातल्या एकानंही कधी तिकीट काढलेलं मला आठवत नाही. शेवटी संयोजक विंगेत आला. “साहेब, वेळ संपली. पुढच्या वेळी नक्की.”

“पुढची येळ तुमच्या हातात हाय व्हय?” फौजदारांनी विचारलं. मग खोबरेल तेलानं स्वतःच रंग पुसला आणि नातीला म्हणाले, “चल, भूक लागली आसंल.”

दोन महिन्यांनी ते गेले. शोकसभा त्याच रंगमंचावर, वक्ते तेच नऊ. फलकावर प्रमुख पाहुण्यांचा फोटो मोठा, फौजदारांचा कोपऱ्यात. पोकळी निर्माण झाल्याचं सर्वांनी सांगितलं. ती भाषणांतूनच ऐकू येत होती. याही खेपेला कुणाचंही भाषण कापलं नाही.

मग दोन मिनिटं स्तब्धता. मी बुटात पायाचा अंगठा दाबून मोजू लागलो. अडतिसाव्या सेकंदाला पाहुण्यांनी घड्याळ पाहिलं आणि ते बसले. लगेच माइकवरून ‘ओम शांती’ झालं. सगळं सभागृह बसलं.

“मास्तर, बसा की. झालं,” संयोजक म्हणाला.

“विसरलो नाही,” मी म्हणालो. माझा आवाज चढला होता. “गप्प उभा आहे. तुम्हीच मध्ये बोलायला लागलात.”

माझे एकशे वीस भरले. शेजारी पाहिलं, तर फौजदारांची नात अजून उभी होती. चपलेत तिचा अंगठा हलत होता.