अकरा नंबरच्या खोलीतला आवाज

"आत्ता फोनवर हिंदीत बोलत होतीस ना?" असं कुणी विचारलं की माझं डोकं फिरतं. ख्राइस्टचर्चच्या ज्या रेस्ट होममध्ये मी म्हाताऱ्या माणसांची देखभाल करते, तिथल्या एकूण एकाला मी सुनावलंय की ते मराठी होतं. पुण्याहून शिकायला आले, इथलीच झाले, पण हा हेका काही सुटला नाही. म्हणूनच पुढचं सांगताना मला माझीच लाज वाटते.

अकरा नंबरच्या खोलीत एक जॉर्जियन आजोबा होते. उमेदीच्या काळात तिकडच्या सिनेमांत नट. नायक कधीच नाही, बहुतेक सिनेमांत मरणारा माणूस. "मरण्यात माझा हात धरणारा कुणी नव्हता," असं मोडक्यातोडक्या इंग्रजीत सांगून स्वतःच हसायचे. एक सल मात्र होता. सिनेमा त्यांच्या भाषेत व्हायचा, पण बाकीच्या सोव्हिएत देशात तो रशियनमध्ये डब करून दाखवायचे. मग यांच्या तोंडी मॉस्कोतल्या कुणा नटाचा आवाज. एकदा रशियात प्रवासात लोकांनी त्यांना ओळखलं, भोवती गर्दी केली. यांनी तोंड उघडलं आणि सगळे हिरमुसले. एक बाई तर म्हणाली, हा तो नव्हेच. हे सांगताना मात्र आजोबा हसायचे नाहीत.

गेल्या हिवाळ्यात त्यांना स्ट्रोक आला आणि वाचा गेली. डॉक्टर म्हणाले, ओळखीचं काही कानावर पडू द्या. वेलिंग्टनहून आलेली त्यांची मुलगी परत जाताना मला म्हणाली, "बाबांचा एक शब्द जरी परत आला तरी मला पुरे." तो एक शब्द मी फारच मनावर घेतला. नेटवर शोधशोध करून त्यांचा एक जुना सिनेमा मिळवला आणि त्यांच्यासमोर टॅबवर लावला. मिशीवाला तरणाबांड माणूस, डोळे मात्र तेच. "आजोबा, बघा तरी कोण आलंय!" मी चक्क मराठीतच म्हणाले.

मग रोज दुपारी तोच सिनेमा. ते भिंतीकडे तोंड फिरवायचे, डोळे भरून यायचे. मी समजले, जुन्या आठवणी. त्यांच्या रोजच्या नोंदींत लिहून टाकलं, 'सिनेमा आवडतो, भावुक होतात.' आठव्या दिवशी, मुलगी शनिवारी येईल तेव्हा तिला दाखवू, म्हणून मी मोबाइलवर व्हिडिओ घेत होते. पडद्यावर त्यांचा मरण्याचा प्रसंग चालला होता. तेवढ्यात आजोबांचे ओठ हलले. घशातून खरखर आली, हात टॅबच्या दिशेनं उठला. मला वाटलं, नीट ऐकू येत नसेल. मी आवाज वाढवला.

शनिवारी मुलगी दारातच थबकली. "बंद कर ते," ती म्हणाली. "हे रशियन आहे. हा माझ्या बाबांचा आवाज नाही."

"मला दोन्ही सारखंच वाटलं," माझ्या तोंडून निघून गेलं. हेच वाक्य दुसऱ्या कुणी मला ऐकवलं असतं तर मी त्याला सोडलं नसतं.

पुढच्या आठवड्यात आजोबा गेले. शब्द परत आला नाही, असंच सगळे म्हणाले. अंत्यविधीनंतर मी मुलीला त्या व्हिडिओबद्दल सांगितलं, तेव्हा तिनं तो मागितला. कानात इअरफोन घालून तिनं तो तीन-चारदा पाहिला, ओठांवर नजर ठेवून. मग म्हणाली, "ते त्यांचा संवाद म्हणत होते. आमच्या भाषेत. घरी आम्हाला कितीदा म्हणून दाखवायचे." तिनं पुन्हा लावला, कानावर हात दाबून धरले. "ऐकू काहीच येत नाही गं."

मोबाइल माझ्या हातात देऊन ती वेलिंग्टनला परत गेली. व्हिडिओ माझ्याकडे अजून आहे. त्यात आजोबांचे ओठ हलतात, मग बाजूनं माझं बोट येतं आणि त्या मॉस्कोच्या माणसाचा आवाज वाढतो.