गोंदण

मी शरीररचना शिकवते. विच्छेदन नेहमी कातडीपासून सुरू होतं. यंदा टेबलावर एका बेवारस म्हातारीचा देह आला. तिच्या हातावर हिरव्या गोंदणात नाव होतं, सखाराम.

“मॅडम, हा कोण असेल?” एका विद्यार्थिनीनं विचारलं.

“नवरा असेल, नाहीतर भाऊ.”

माझी आई म्हणायची, दागिने इथेच राहतात, गोंदण तेवढं वर बरोबर येतं. त्या भरवशावर बायकांनी सुया सोसल्या. आणि माणसाला स्वतःचं शरीर आतून कळलं, ते ज्यांना विचारणारं कोणी नव्हतं अशांनाच पिढ्यानपिढ्या उघडून.

“हा हात सोडून देऊ या का?” त्याच विद्यार्थिनीनं हळूच विचारलं.

“मग शिकणार कशावर?” मी म्हणाले. दुसरं उत्तर मला आजवर सापडलेलं नाही.

दुपारी बाकीच्या कातडीबरोबर सखाराम बादलीत गेला.