माझ्या लेकीचं काळ बदलायचं यंत्र

सिंगापुरात, सेंगकांगच्या आमच्या नव्या फ्लॅटमध्ये आठ वर्षांच्या माझ्या लेकीनं एक यंत्र केलं होतं. बिस्किटांचा रिकामा डबा आणि त्यावर जुन्या पंख्याचं बटण. मागची एक गोष्ट बदलली, की पुढचं सगळं आपोआप बदलणार.

नाशिकहून आलेल्या माझ्या आईला तिनं विचारलं, “आजी, काय बदलू?”

“मला चौथीनंतर शाळेतून काढलं ना, ते बदल.”

लेकीनं बटणावरचा हात झटकन काढला. “कॅन नॉट लाह! नाही चालणार! तू शिकली असतीस तर तुझं इतक्या लवकर लग्न झालं नसतं. मग मम्मीच नाही!”

मी खिडकीत बांबूवरचे वाळलेले कपडे काढत होते. आता आई विरघळणार आणि ‘मग राहू दे’ म्हणणार, या विचारानं मला आधीच राग आला. किती वेळा राहू द्यायचं तिनं?

आईनं डबा स्वतःकडे ओढला. “तुझ्या मम्मीला आजवर कोण अडवू शकलंय? इंजिनिअरिंग नको म्हणाले, केलं. एकटी परदेशी नको म्हणाले, आली. तिला जन्माला यायचं होतं, ती कशीही आलीच असती.”

तिनं बटण पूर्ण फिरवलं. मी होते तिथेच होते, ताठ मानेनं.