न पाहिलेला हत्ती

माझा मामा, गुरुदत्त मोरे, जेवताना मिठाची बरणी सरकवण्याआधीही पुटपुटतो, "अ‍ॅडजस्ट." देव्हाऱ्यातला बाळकृष्ण सरळ करताना तेच, दारातल्या चपला जुळवताना तेच. कॉलेजात असताना आम्ही भावंडं पोट धरून हसायचो. त्यात हे बेंगळूरू. बसमध्ये कुणी 'स्वल्प अ‍ॅडजस्ट माडी', जरा सरकून घ्या, म्हणत जागा मागितली की मामाचा चेहरा खर्रकन उतरायचा, आणि आम्हाला आणखीच हसू यायचं. आता त्या हसण्याची मला लाज वाटते.

मामानं जन्मभर नोकरी केली ती के. आर. पुरमकडच्या एका कारखान्यात, तपासनीस म्हणून. प्रत्येक सुटा भाग डोळ्यांखालून घालायचा आणि मगच त्यावर शिक्का मारायचा. न पाहता एकही शिक्का मारला नाही, हे त्यानं इतक्या वेळा ऐकवलंय की आई कानांवर हात ठेवायची. सुट्टीच्या दिवशी तो बुद्धिबळाच्या स्पर्धांमध्ये पंच असायचा. स्वतः खेळायचा बेताचाच, मीसुद्धा त्याला हरवलंय. पण ग्रँडमास्टर म्हटलं की मामाचे डोळे लहान मुलासारखे व्हायचे.

लग्न केलं नाही. मल्लेश्वरमच्या आमच्या घरातल्या मागच्या खोलीत त्याचा संसार म्हणजे एक जाडजूड वही. देशातल्या प्रत्येक ग्रँडमास्टरला तिच्यात एक पान. गाव कुठलं, वय किती, पहिला नॉर्म कुठल्या स्पर्धेत, दुसरा कुठं, तिसरा कुठं. नॉर्म म्हणजे एखाद्या मोठ्या स्पर्धेत ग्रँडमास्टरच्या तोडीचं खेळल्याची मान्यता. असे तीन जमले, रेटिंगही पुरेसं झालं, की किताब. वही सुरू केली तेव्हा पानं जेमतेम दहा होती, आज ऐंशीच्या पुढं गेली आहेत. त्यातल्या मुली मात्र अजून एका हाताच्या बोटांवर मोजाव्यात एवढ्याच.

एक पान किताब न मिळालेल्या मुलीचं आहे. दिव्यश्री घोरपडे. पहिला नॉर्म, दुसरा नॉर्म, तारखांसकट. तिसऱ्यापुढं कोरं. कुणी नवा ग्रँडमास्टर झाल्याची बातमी आली की मामा त्याचं पान लिहून काढायचा आणि मग ते कोरं पान उघडून बसायचा. त्या दिवशी जेवायचा नाही. शेजारच्या खोलीत काही खट्ट वाजलं तरी दचकून विचारायचा, "कुणी मोहरा उचलला?" घरात पट मांडलेलाच नसायचा. मी खोदून विचारलं की वही मिटून म्हणायचा, "काही नाही ग, पुट्टी." कानडीत छोट्या मुलीला पुट्टी म्हणतात, त्याच्या लेखी मी अजून तेवढीच.

गेल्या वर्षी माझ्या लेकीला, अनुषाला, बुद्धिबळाचं वेड लागलं. जयनगरात एक बाई शिकवतात असं कळलं. शिकवणं कसं आहे ते तूच बघून सांग, म्हणून मी मामाला बरोबर नेलं. हॉलच्या दारातून त्यानं आत पाहिलं. एक बाई मुलांच्या पटावर वाकून काही समजावत होत्या. मामा तिथूनच मागं फिरला आणि जिना उतरून गेला. मी अनुषाला वर्गात बसवलं आणि खाली आले. मेट्रो स्टेशनच्या पायरीवर तो बसला होता.

वर्गातली ती बाई म्हणजेच दिव्यश्री, हे आणि पुढचं सगळं त्यानं तिथंच सांगितलं, जमिनीकडे बघत. २००६ सालची स्पर्धा, शेवटची फेरी. दिव्यश्री सतरा वर्षांची. डाव बरोबरीत सुटला तरी तिचा तिसरा नॉर्म पक्का. तिच्या पटाजवळ पंच म्हणून मामा उभा. पण पहिल्या पटावर दोन ग्रँडमास्टर भिडले होते, दोघांच्याही घड्याळातली वेळ संपत आली होती, आणि मामाची मान तिकडं वळली होती.

तेवढ्यात दिव्यश्रीच्या प्रतिस्पर्ध्यानं हात वर केला. हिनं हत्तीला हात लावलाय, आता हत्तीच हलवला पाहिजे. नियम तसाच आहे. मोहरा नुसता घरात सरळ करायचा असेल तर आधी 'अ‍ॅडजस्ट' म्हणावं लागतं. "मी म्हणाले होते, सर," दिव्यश्री म्हणाली. तो म्हणाला, नाही म्हणाली. तिसऱ्या कुणी ऐकलं नव्हतं. अशा वेळी पंचानंही पाहिलं-ऐकलं नसेल तर त्यानं तसं सांगायचं, तक्रार तिथंच संपते.

"आणि मी म्हणालो, मी पाहिलं. तिनं न बोलता हात लावला."

"का, मामा?"

"माझं कामच पाहायचं होतं, पुट्टी. पाहिलं नाही हे तोंडातून निघेना."

हत्ती हलवावा लागला, मागची ओळ उघडी पडली, आणि चार चालींत मात. वर्षा-दोन वर्षांत दिव्यश्रीचं नाव स्पर्धांमधून दिसेनासं झालं. मी मामाला तिथंच तोंडाला येईल ते बोलले. येणारे-जाणारे थांबून बघत होते. शेवटी म्हणाले, पुढच्या रविवारी येऊन तू हे तिला सांगणार आहेस. तो कानडीत नुसता "सरी", ठीक आहे, म्हणाला.

रविवारी तो वही घेऊन आला. दिव्यश्रीनं त्याला लगेच ओळखलं, खुर्ची पुढं केली. मामा बसला नाही.

"त्या दिवशी मी पाहिलं नव्हतं," तो म्हणाला. "ऐकलंही नव्हतं. माझं लक्ष पहिल्या पटाकडं होतं."

तिच्या हातात मोहऱ्यांचा डबा होता.

"मला वाटलं, मीच म्हणायला विसरले," ती म्हणाली. "गुरुदत्त सर खोटं बोलत नाहीत हे सगळ्यांना ठाऊक होतं. म्हणजे माझंच डोकं खोटं. त्यानंतर पटावर बसलं की वाटायचं, मला दिसतंय ते खरंच तिथं आहे का? असं खेळता येत नाही, सर. अजून घराबाहेर पडताना गॅस चार-चारदा बघते."

मग ती जवळ आली आणि हळूच म्हणाली, "म्हणजे मी म्हणाले होते. हो ना?"

मी मामाकडं पाहिलं. हो म्हण, एवढंच मनात होतं. एका शब्दाचा तर प्रश्न होता, मी त्याला कोपरानं ढोसलंसुद्धा. त्याचे ओठ हलले. तो किती म्हातारा झालाय हे मला तेव्हा दिसलं.

"मला माहीत नाही," तो म्हणाला. "आज हो म्हटलं तर तेही न पाहताच म्हटल्यासारखं होईल."

मला इतका राग आला की त्या म्हाताऱ्याला तिथंच सोडून निघून जावंसं वाटलं. दिव्यश्रीनं डबा खाली ठेवला. मामाच्या हातातून वही घेऊन स्वतःचं पान काढलं, ती कोरी जागा बघितली, आणि वही मिटून परत दिली.

"'माहीत नाही' एवढंच त्या दिवशी म्हणाला असतात तर," ती म्हणाली, आणि मुलं खोळंबली होती तिकडं गेली.