सतरा मेंढरांचे पाय

ही गोष्ट बारा वर्षांत मी कुणाजवळ काढली नाही — बायकोजवळसुद्धा नाही. तुम्हाला सांगतोय, कारण ती सांभाळून सांभाळून आता थकलोय.

गेल्या शनिवारी शिरूरमध्ये, माझी मुलगी मीनल जिथं शिकली त्या शाळेत मुलांच्या चित्रांचं प्रदर्शन होतं. शेजारच्या मुलीचं चित्र होतं म्हणून गेलो. हॉलमध्ये त्रेचाळीस चित्रं. मी मोजली. कारखान्यात तपासणी विभागात बावीस वर्षं काढली, मोजल्याशिवाय राहवत नाही. प्रत्येक चित्राखाली मुलाच्या अक्षरात एकच ओळ होती : 'हे चित्र माझं आहे. यावर दुसऱ्या कुणाचा हात फिरलेला नाही.' ही ओळ का लिहून घेतात, हे तिथं दोघांनाच माहीत होतं — मला आणि चित्रकलेच्या शेख सरांना. नाही, चुकलो. सरांना अर्धंच माहीत आहे.

मीनल तेव्हा नववीत होती. आम्ही मूळचे दौंडकडचे, राहू गावचे. माझ्या लहानपणापर्यंत घरात मेंढरं होती. आबांच्या, म्हणजे माझ्या वडिलांच्या तोंडून ऐकून तिनं कळपाचं चित्र काढलं. मला दाखवलं नाही. म्हणाली, "पप्पा, तुम्ही पट्टी घेऊन बसाल. भिंतीवर लागल्यावरच बघा."

आदल्या दुपारी चित्रं टांगायला पालकांना बोलावलं होतं. सर शिडी आणायला गेले, बाकीचे पालक अजून यायचे होते, हॉलमध्ये मी एकटा. मी मेंढरं मोजली — सतरा. मग पाय मोजले. अडुसष्ट हवेत, भरले एकोणसाठ. काय वाटलं मला? लोक हसतील? माझ्या मुलीचं चित्र, आणि हिशेबात चूक? सरांच्या टेबलावर काळ्या रंगाची बाटली उघडी होती, ब्रशही होता. मी नऊ पाय काढले. सरळ, एका मापाचे.

आणि मी त्याच कळपामागं चाललेला माणूस. कळप निघाला की धूळ उठते, मागच्या मेंढरांचे पाय दिसत नाहीत — हे मला माहीत नव्हतं? तिनं कधी न पाहिलेली धूळ बरोबर काढली होती. मी ती पाहिलेली होती, आणि मीच ती बुजवली.

दुसऱ्या दिवशी मीनल चित्रासमोर बराच वेळ उभी राहिली. मुलांच्या चित्रांवर ब्रश फिरवायची सरांची सवय सगळ्यांना ठाऊक होती.

"सर, हे पाय तुम्ही काढले."

"न्हाई गं बाळा. मी हातच लावला न्हाई."

"मग कुणी?"

सरांनी हॉलभर पाहिलं. नजर माझ्यावरूनही गेली — थांबली नाही. मी दोन पावलांवर होतो. 'मी' म्हणायला किती वेळ लागतो?

"तुम्ही खोटं बोलताय, सर," मीनल म्हणाली.

तेव्हा मात्र मी बोललो. सरांशी असं बोलतात का, म्हणून तिला झापलं. सगळ्यांसमोर तिला सरांची माफी मागायला लावली.

इंटरमिजिएट ड्रॉइंगचा फॉर्म भरला होता, ती परीक्षेला बसली नाही. त्यानंतर तिनं चित्र काढलेलं मी पाहिलेलं नाही. सरांनीही पुन्हा कुणाच्या चित्रावर ब्रश टेकवला नाही, आणि ती ओळ लिहून घ्यायला सुरुवात केली.

शनिवारी सर दाराशी भेटले. केस पूर्ण पांढरे झालेत. चहा मागवला.

"मीनल कुठं असती आता?"

"दौंडला. बँकेत आहे."

"आन् चित्रं?"

"काढते की, सवड मिळेल तशी," मी म्हणालो. बघा — विचारल्या विचारल्या पुन्हा खोटं.

सरांनी कप खाली ठेवला. मग हळू आवाजात म्हणाले, "तवा मी न्हाई म्हणालो खरं. पण सवयच होती ना मला. लावलाही असंल हात. आता आठवत न्हाई."

खरं सांगायला याहून सोपी वेळ कुठली होती?

"असू द्या, सर," मी म्हणालो. "आम्ही ते कधी मनावर घेतलं नाही."

त्यांचा चेहरा हलका झाला. त्यांनी माझा हात दोन्ही हातांत धरला, आणि मी तो धरू दिला.