हेराकडे पाठ

वाळका दुधीभोपळा दिसला की मला संस्थानी जव्हारच्या मैदानावरचा मुक्या सिनेमाचा तंबू आठवतो. सिनेमाला साथ करणारा पेटीवाला तापाने पडला, म्हणून मालकाने साखरशेत गावचा, वाळक्या भोपळ्याचा तारपा फुंकणारा तारपावाला आणून मागे यंत्राजवळ बसवला होता. पडद्यावर प्रधान शत्रूच्या हेराला किल्ल्याची चोरवाट दाखवत होता, तेवढ्यात तारपावाल्याने भोपळ्यात फुंक घातली आणि अख्खा तंबू वळून त्याच्याकडे तोंड करून बसला. “अरे, पडद्याकडे बघा, राजाला दगा होतोय,” मालक विनवू लागला. माझ्या शेजारची म्हातारी म्हणाली, “वाजत्या तारप्याला पाठ नाय दावायची, शेठ. तुमचा हेर थांबंल जरा.” मग बाया हात गुंफून नाचायला उठल्याच. हेर काही थांबला नाही. त्या राजाचं पुढे काय झालं ते मला आजही ठाऊक नाही; मी तेव्हा नाचत होतो.