खालच्या कप्प्यातला चोथा

आमच्या ह्यांचं नाक दिसायला काही विशेष नाही. लग्न ठरलं तेव्हा माझ्या आत्यानं त्याला सरळ बटाटा म्हटलं होतं. पण त्याच नाकाच्या भरवशावर एक अख्खी मिल एकतीस वर्षं चालली. मिल म्हणजे पशुखाद्याची, गाईम्हशींसाठी आणि कोंबड्यांसाठी खाद्य बनवणारी, आमच्या गल्लीच्या अगदी मागे. फाटकाशी मालाचा ट्रक लागला की हे पोत्यात टोकदार नळी खुपसायचे, मूठभर माल तळहातावर घ्यायचे, डोळे मिटून हुंगायचे आणि 'घ्या' किंवा 'न्या' एवढंच म्हणायचे. तिसरा शब्द नाही. ड्रायव्हर लोक मागून ह्यांना 'नाकाडे' म्हणायचे आणि समोर काका.

आता कुणालाही वाटेल की गाईचं खाणं ते, त्यात हुंगण्यासारखं काय एवढं? लग्नानंतर पहिल्याच आठवड्यात मीही तसं बोलून बसले आणि पाऊण तास ऐकून घेतलं. सोयाबीनची पेंड कमी भाजली तर कच्च्या शेंगेचा वास येतो, जास्त भाजली तर जळका. मळी आंबली की घशात चढते. मासळीची भुकटी जुनी झाली की खवट होते, आणि कोंबडीला ते माणसाच्या आधी कळतं. मला झोप येत होती, पण नवीन नवरी, काय करणार, हूं हूं करत बसले.

आणि बाई गं, ह्या माणसाचं जग! गल्लीत पाऊस पडतोय की नाही, दोरीवरचे कपडे भिजतायत की नाही, ह्याचा पत्ता नाही. पण समुद्रापलीकडे कुठं तरी मका सुकतोय, हे सकाळी दात घासताना ठाऊक. तिकडं पाणी उतरलं आणि जहाजं अडकली की इकडं ह्यांचा चहा गार व्हायचा. मधल्या काही वर्षांत तर भलतंच सुरू झालं. आमच्या मालकांकडून अंडी घेणारे परदेशातले लोक कागद मागायला लागले, की ही कोंबडी जे सोयाबीन खाते ते जंगल तोडून पेरलेलं नाही ना? मालक डोकं धरून बसले. मग गाईंच्या ढेकरांनी पृथ्वी तापते म्हणून ढेकर कमी करायची पावडर आली. मी म्हटलं, त्यातली चमचाभर घरी आणा, जेवल्यावर तुम्हालाच देते. दोन दिवस बोलले नाहीत माझ्याशी.

तर अशा माणसाला गेल्या वर्षी ताप आला. साधाच होता, आठ दिवसांत उतरला. मग एका सकाळी कपाटामागे पाल मरून पडली होती. घरभर वास, मी नाकाला फडकं लावून शोधतेय, आणि हे त्याच कपाटाला पाठ टेकून मजेत चहा पितायत. मी फडकं काढलं आणि ह्यांच्याकडे बघितलं. ह्यांनी कप खाली ठेवला. मग हळूच सांगितलं, की तापापासून काहीच येत नाही. अत्तर नाही, रॉकेल नाही, काहीच नाही. डॉक्टर म्हणाले होते, येईल परत किंवा नाही येणार.

निवृत्तीला दोन वर्षं होती. त्यात त्याच महिन्यात मालकांनी एक मशीन घेतलं, मुठीएवढा माल आत ठेवला की मिनिटात प्रथिनं किती, ओल किती, सगळं पडद्यावर सांगणारं. ते चालवायला शिकलेली एक मुलगी ठेवली, चुणचुणीत, दोन वेण्यांची. मालक म्हणाले, मशीन आहे ते ठीक, पण शेवटचा शब्द काकांचाच. त्या एका शब्दावर हे एकतीस वर्षं उभे होते, आणि आता तो शब्द द्यायला ह्यांच्याकडे काही उरलंच नव्हतं. कुणाला कळलं तर मी त्या फाटकात कशाला, असं म्हणाले. मला शपथ घातली.

मी म्हटलं, रडू नका. माझं नाक आहे की.

मग आमचा उद्योग सुरू झाला. सकाळी ट्रक आला की हे नेहमीसारखे डोळे मिटून हुंगायचे, अगदी साग्रसंगीत, आणि म्हणायचे, माल जरा मोकळा होऊ दे, दुपारी सांगतो. नमुने डब्यात भरायचे आणि जेवायला घरी यायचे. तीन कप्प्यांचा डबा, पहिला ट्रक वरच्या कप्प्यात, दुसरा मधल्या, तिसरा खालच्या. चिठ्ठी नाही, खूण नाही. मी म्हटलं, नावं तरी लिहा. तर म्हणे एकतीस वर्षांत लिहिलं नाही, आता लिहिलं तर ती मुलगी विचारेल का लिहिलं. मला शिकवलंही ह्यांनीच. डोळे घट्ट मिटायचे, कारण रंग फसवतो. दोनदा ओढायचं, तिसऱ्यांदा नाही. मग तोंडात येईल ते पहिलं बोलायचं, विचार करायचा नाही. पहिल्याच दिवशी मी म्हटलं, ओलं बारदान. ह्यांनी माझ्याकडे अशा काही नजरेनं बघितलं की लग्नातही तसं बघितलं नव्हतं.

खोटं कशाला बोलू, मला मजा यायला लागली. दुपारी एकची वाट बघायला लागले. सर्दी होऊ नये म्हणून थंड पाणी सोडलं.

एकदा एका कप्प्यात तपकिरी भुकटी होती. डोळे मिटून ओढलं आणि जीव खूश झाला. भाजलेल्या शेंगदाण्यांचा खमंग वास. मी म्हटलं, हे घ्याच, आणि थोडं घरालाही ठेवा, चटणीत घालीन. हे म्हणाले, माशीच्या अळ्या आहेत, वाळवून दळलेल्या. समुद्रातली मासळी कमी होत चालली, महाग झाली, म्हणून आता भाजीबाजारातल्या कचऱ्यावर अळ्या वाढवतात आणि कोंबड्यांना देतात. मी तीनदा चुळा भरल्या, खाल्लं नव्हतं तरी. तो माल मिलनं घेतला आणि कोंबड्यांनी आवडीनं खाल्ला. माझ्या पसंतीचा होता, खाणारच.

चार महिने असे बिनबोभाट गेले. मग मक्याची ओरड सुरू झाली. मका गाडीत घालायच्या इंधनासाठी कारखान्यांत जायला लागला. तिथं त्याची दारू गाळतात, आणि गाळून उरलेला चोथा पशुखाद्यवाल्यांच्या दारात येतो. हे चिडायचे, म्हणायचे, आधी मोटारी जेवणार आणि मग गाईंनी त्यांचं उष्टं खायचं. पण चोथा स्वस्त, पौष्टिक, मालक खूश. एकच गोम, वाळवण नीट झालं नाही की आत बुरशी धरते. आणि ती बुरशी साधी नाही. गाय उभी राहते, चारा खाते, दिसायला ठणठणीत, पण विष दुधात उतरतं. दूध कोण पितं हे सांगायला नको.

त्या दिवशी चोथ्याचे दोन ट्रक होते. एक वीस वर्षांच्या जुन्या पुरवठादाराचा, दुसरा एका नवख्याचा. म्हणून डब्याचेही दोनच कप्पे भरलेले, वरच्यात जुन्याचा माल आणि तळाच्या खोलगट कप्प्यात नवख्याचा. हे हातपाय धुवायला गेले. मी कप्पे काढून ओट्यावर ठेवले, तेवढ्यात गॅसवाला आला. टाकी आत आणेना, म्हणे जिन्यापर्यंतच आमचं काम. मी कशी सोडते! चांगली पाच मिनिटं त्याची हजेरी घेतली. टाकी सरकवताना ओटा आवरला, कप्पे इकडचे तिकडे झाले. तणतणत परत आले, शिकवल्याप्रमाणे डोळे मिटले आणि हाताला आला तो कप्पा पहिला धरला. स्वच्छ, गोडसर. दुसऱ्याला तळघरातल्या ओलीचा वास, कुबट. मी ह्यांना हाक मारून सांगितलं, वरचा घ्या, खालचा न्या. हे खूश झाले, जुना माणूस आहे, तो दगा देणार नाही म्हणाले, आणि जेवून गेले.

तीन वाजता भांडी घासायला बसले. खोलगट कप्पा हातात आला. पाण्याखाली धरणार तोच वास आला, स्वच्छ, गोडसर. खोलगट कप्पा कायम तळाचा असतो, म्हणजे नवख्याचा. मग जुन्याचा उथळ कप्पा नाकाशी नेला. कुबट.

नळ वाहता सोडून धावले. एकतीस वर्षांत मी त्या फाटकाच्या आत पाऊल टाकलं नव्हतं. हात साबणाचे, पायात ह्यांच्या चपला. हे फाटकाशी खुर्चीवर बसलेले. मी कानाशी लागून सांगितलं. नवख्याचा ट्रक शिव्या देत कधीच निघून गेला होता, आणि जुन्याचा माल खड्ड्यात रिकामा होऊन वर मिक्सरकडे चढायला लागला होता.

मी ह्यांच्याकडे बघत होते. गप्प राहिले असते तर कुणाला काही कळलं नसतं. शंभर किलो खाद्यात दहा किलोच चोथा पडतो, शिवाय सकाळी मशीननंही दोन्ही ट्रकना बरं म्हटलं होतं. मला वाटलं, आता हे काही तरी सबब काढतील, आणि खरं सांगते, मनातून मला तेच हवं होतं. हे उठले, भिंतीवरच्या लाल बटणापाशी गेले आणि दाबलं. अख्खी मिल थांबली. इतकी शांतता की छपरावरची कबुतरं ऐकू यायला लागली.

मालक वरून धावत खाली आले, ती मुलगी आली, कामगार गोळा झाले. काय बिघडलं म्हणून मालक विचारत होते.

"चोथ्यात बुरशी आहे," हे म्हणाले. "मी घ्या म्हणालो ते चुकलं. मला चार महिने वास येत नाही, मालक. माल मी घरी नेतो आणि ही हुंगते."

सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं. मी साबणाचे हात मागे लपवले. मला वाटलं आता हसतील, पण कुणी हसलं नाही. ते जास्त वाईट होतं.

मालकांनी नुसतं 'चार महिने?' एवढंच विचारलं. हे मान खाली घालून उभे. माझा संताप झाला. मी मालकांना म्हटलं की चार महिन्यांत एक तरी माल वाईट गेला का ते सांगा, आजची चूक माझी आहे, ह्यांची नाही. ह्यांनी मला हातानंच थांबवलं.

मुलीनं तोवर खड्ड्यातला माल आणून मशीनशेजारच्या वेगळ्या पट्टीवर तपासला. पट्टी गच्च लाल झाली. सकाळचा नमुना तिनं वरच्या थरातून घेतला होता, आणि बुरशी होती तळाच्या पोत्यांत. ती रडवेली झाली. हे तिला म्हणाले, बाळ, नळी तळाच्या कोपऱ्यात खुपसायची असते, ताडपत्री तिथंच गळते, हे मशीनला कसं कळणार.

शेवटी मालकांनी निवाडा केला. माल फेकायचा. उद्यापासून फाटकावरचा शब्द त्या मुलीचा. काकांनी निवृत्तीपर्यंत तिला नळी कुठं खुपसायची ते शिकवायचं, पण घ्या-न्या म्हणायचं नाही. आणि बाहेरच्या कुणी माल हुंगायचा नाही. बाहेरची कुणी म्हणजे मी. हे 'बरं' म्हणाले.

घरी येताना मी म्हटलं, शिव्या द्या मला, मोकळे व्हा. गॅसवाल्याशी भांडले नसते तर हे झालं नसतं. तर म्हणाले, टाकी आणली ना त्यानं आत? मी हो म्हटलं. मग झालं तर, म्हणाले.

पण घरात शिरल्यावर हे खुर्चीवर बसले ते बसलेच. माझंही मन लागेना. उद्या एक वाजता डबा येणार नव्हता, मला कुणी काही विचारणार नव्हतं, आणि ह्याचं मला इतकं वाईट वाटेल असं वाटलं नव्हतं. मी उगाच कांदा चिरला, लसूण ठेचला, भाजी टाकली. मध्येच डोळे पुसत बसले. ताट वाढून ह्यांच्यापुढे ठेवलं.

ह्यांनी घास घेतला नाही. ताट दोन्ही हातांनी उचललं, नाकाशी नेलं, डोळे मिटले. मग ताट माझ्याकडे धरलं.

"ह्याला कसला वास येतोय ते सांग ना," म्हणाले.

चार महिने ह्या माणसानं मला पेंडीचा वास विचारला, मळीचा विचारला, अळ्यांचा विचारला. माझ्या हातच्या जेवणाचा एकदाही विचारला नव्हता. चार महिने हा माणूस काय जेवत होता, हे मीही कधी विचारलं नव्हतं.

मी डोळे मिटले. दोनदा ओढलं. छान आहे, असं तोंडावर आलं होतं, पण त्या दुपारी इतक्या लोकांसमोर ज्यानं खरं सांगितलं त्याला काय खोटं सांगायचं.

"लसूण करपलाय," मी म्हटलं. "कांदा गोड झालाय. आणि तेल नवीन आहे, आजच फोडलंय."

"अजून सांग," हे म्हणाले, आणि पहिला घास घेतला.